भेगेत भरलेलं पोलाद

"बघा मॅडम, परवाची भेग गायब!" साखर कारखान्याचे फोरमन घाडगे म्हणाले. "पोलादच स्वतःची जखम भरून काढतंय. आता तुमचं तपासणी खातं बंद करा."

टर्बाइनचा उघडा रोटर, म्हणजे फिरणारा दांडा, समोर होता. परवा भेगेभोवती काढलेल्या खडूच्या वर्तुळात तपासनीस वृंदा सोनटक्केने लाल रंग लावला, पुसला आणि वर पांढरी पावडर फवारली. भेग असती, तर मुरलेला रंग लाल रेघ होऊन वर आला असता. पावडर पांढरीच राहिली. नियमाप्रमाणे रोटर पास होता. बाहेर ऊस वाळत होता आणि घाडगे सहीसाठी थांबले होते.

"काका, ठिगळ लावायला कापड कुठून तरी आणावं लागतं ना? मग हे पोलाद कुठून आलं?"

"आतूनच की!"

"आतून म्हणजे कुठून?"

आता घाडग्यांनाही राहवेना. जाडी मोजायचा मायक्रोमीटर त्यांनीच आणला. दोघं सगळा रोटर मोजत गेले. मधला भाग बरोबर होता. बेअरिंगमध्ये बसणारं टोक मात्र बारीक झालं होतं. पूर्ण वेगात रोटर तिथेच तुटला असता.

"चालू करताना या टोकाशी कोण असतं?"

"मीच," घाडगे हळूच म्हणाले. त्यांनी खिशातून खडू काढला आणि त्या टोकाभोवती नवी खूण केली.

"मॅडम, उद्या हेही भरून आलं तर?"

"तर पुन्हा शोधायचं, या वेळी कुठून आणलं ते."