खालापूरची कौलपेटी

"उजवा दाणा पडला तर जायचं, डावा पडला तर डोंगरावरच राहायचं. आन् एकदा पडला की पुन्हा विचारायचं नाय," मोरू म्हणाला. "पटतंय काय, बाबा?"

कोंडाजीनं मान हलवली. कौलाची रीत त्याला नवी नव्हती. त्याच्यासमोर आजवर किती कौल लागले होते, किती माणसं हसत गेली होती आणि किती मुसमुसत. पण ते सगळं दुसऱ्यांचं. आज पाळी स्वतःची होती.

बाजारामागच्या गल्लीत मोरूचं मोबाईल दुरुस्तीचं दुकान होतं आणि दुकानामागच्या खोलीत ही कौलपेटी. जुन्या फोनांमधल्या हिरव्या पट्ट्या, एक तांब्याचा हंडा, आंब्याची फळी आणि वर गोल काच. एवढ्या सामानातून पेटी कशी उभी राहिली, हे मोरूलाही धड सांगता येत नसे. तिला ना वायर, ना बॅटरी. हंड्यात विहिरीचं पाणी ओतलं, की ती आपली चालू. लांबलांबून गिऱ्हाइकं येत आणि मोरू कुणालाच नाव-गाव विचारत नसे. शहाणा माणूस.

कोंडाजीबरोबर त्याची बहीण जयवंता आली होती. ती शेजारच्या गावची. एरवी दोघांची भेट फक्त शिमग्याला व्हायची, पण भाऊ एकटा पडलाय असं कळल्यावर ती आपणहून निघाली. एसटीत कंडक्टरनं दोघांना तिकीट विचारलं नाही. "म्हाताऱ्यांना फुकट असतं म्हणं," ती म्हणाली, आणि खिडकीतून टोलनाक्यावरच्या गाड्या बघत बसली.

एकटा पडलाय हे खरंच होतं. कोंडाजीची डोंगरावरची वाडी रिकामी झाली होती. कुणी कर्जतला गेलं, कुणी पनवेलला. सगळ्यांत शेवटी सोनुबाई गेली. तिच्या नातवानं शेलूला फ्लॅट घेतला होता.

"सोनी जाताना भेटली तुला?" जयवंतानं विचारलं.

"भेटली की. पायावर डोकं ठेवलं. रडली लय."

"मग चल म्हनली नाय?"

"नाय."

"आन् तू? तू तरी बोलायचं होतंस काय ते!"

"मला कवा बोलता आलंय गं?"

 भाऊ पहिल्यापासूनच तसला. मनात माया डोंगराएवढी, पण तोंडातून चकार शब्द निघेल तर शपथ.

"जाऊन उभा राहा दारात. घालवून देनार हाय काय ती?"

"बोलावल्याबिगर जायाचं नाय," कोंडाजी म्हणाला. "ती चार भिंतींची जागा. तिथं माजी अडचन झाली म्हंजे?"

त्यांच्या आधी एक तळ्याकाठची बाई आत गेली होती. तिचं तळं बुजवून तिथं प्लॉट पाडले होते. ती बाहेर आली तीच खाली मान घालून. डावा पडला होता. ओला पदर पिळत ती गल्लीतून निघून गेली, तेव्हा कोंडाजीला वाटलं, आपणही मुकाट्यानं उठावं आणि परत जावं. निदान आशा तरी शिल्लक राहील. जयवंतानं त्याचा हात धरून ठेवला.

मोरूनं हंडा भरला. आंब्याच्या फळीवर ओल्या बोटानं भाताचे दोन दाणे चिकटवले, एक उजवीकडं आणि एक डावीकडं.

"विचारा. दाणा पडला की कौल देणारं काचेत दिसंल. वर बघायची छाती असली तरच बघा."

कोंडाजी पुढं झाला.  शब्द फुटके-तुटके बाहेर आले.

"मी... पोरांकडं येऊ काय?"

हंड्यातलं पाणी थरथरलं. हिरव्या पट्ट्यांवर आधी एक ठिणगी उठली, मग दुसरी, आणि बघता बघता सगळी पेटी काजव्यांनी भरलेल्या झाडागत लुकलुकू लागली. खोलीत भिजल्या भाताचा वास दाटला. त्या वासाबरोबर आवाज आले. वाडीतली मुसळं, गुरांच्या गळ्यातल्या घंटा, होळीभोवतीच्या आरोळ्या, बाळंतघरातलं रडं. कोंडाजीनं आयुष्यभर ऐकलेलं सगळं त्या एवढ्याशा हंड्यातून उसळून वर येत होतं. रोज हे बघणारा मोरूसुद्धा दोन पावलं मागं सरला. जयवंताच्या डोळ्यांना धार लागली. इतकं मोठं काही माणसाच्या हातून घडू शकतं, यावर तिचा विश्वास बसेना.

मग सगळं एकदम थांबलं.

डावा दाणा हलला. घसरला. फळीच्या कडेशी येऊन अडला. कोंडाजीनं डोळे गच्च मिटले.

टप्.

"उजवा!" जयवंता ओरडली. "अरं, उजवा पडला! डोळं उघड रं!"

काच उजळू लागली होती. कोंडाजीचे हात आपोआप जोडले गेले. मान खाली जात होती, ती त्यानं धीर करून वर उचलली आणि कौल देणाऱ्याकडं पाहिलं. शेलूच्या स्वयंपाकघरात, हाताला भाकरीचं पीठ लागलेलं, गॅसशेजारच्या रिकाम्या कोनाड्यासमोर दिवा लावून सोनुबाई उभी होती. "ये रं देवा," ती म्हणत होती, "कवाची तुजी जागा पुसून ठेवलीय मी."