बाटलीवरचं नाव

बाळंतपणात खंगलेल्या मनकर्णाबाईनं शेजारणीनं दिलेलं एक उकडलेलं अंडं खाल्लं. माळकरी नवऱ्यानं, इंद्रभाननं, तिला तान्ह्या लेकरासकट गोठ्यात काढलं. "घर बाटवलं तूनं! आता इथंच राह्य." जेवायला वेगळी, पोचे पडलेली जर्मनची, म्हणजे अ‍ॅल्युमिनियमची ताटली. असे चार महिने गेले.

स्वतः इंद्रभान मात्र अकोल्याच्या डॉक्टरानं दिलेलं ताकदीचं विलायती औषध रोज दोन चमचे घेई. त्या दिवशी शेलूबाजारचा कंपाउंडर नवी बाटली घेऊन आला, तर इंद्रभान त्याला थेट गोठ्याच्या दारात घेऊन गेला.

"हिले वाचून दाखवा याचं नाव! अंडं न खाता बी मानसाले ताकद येते म्हना!"

"लेसिथिन," कंपाउंडरनं वाचलं. "तेल अन् पानी एकजीव करते हे." मग तो जरा अडखळला. "पन मालक, या नावाचा अर्थच अंड्याचा बलक हाय. हे औषध त्यातूनच काढलं हाय."



मनकर्णाबाईनं ती ताटली घासली, इंद्रभानच्या हातात दिली, अन् लेकराला घेऊन घरात जाऊन आतून कडी लावली.