शेवटची जागा

पणजोबांचा बारा हात लांब भाला खांद्यावर टाकून देर्दास मॅसेडोनियाहून इजिप्तला आला, तो थेट भरतीच्या रांगेत. तिथं राज्यही मॅसेडोनियन वंशाच्याच राजाचं; त्याच्या मॅसेडोनियन पलटणीत नाव लागलं की नाईलकाठची जमीन मिळते, एवढ्या भरवशावर त्यानं बायकापोरांसह गाव सोडलं होतं.

"कुठला तू?" इजिप्शियन कारकून मारेसनं कांदा चावत विचारलं.

"मॅसेडोनियन! बापजाद्यांपासून."

"उशीर केलास. शेवटची जागा कालच माझ्या मेहुण्यानं घेतली."

"साहेब, तुमचा मेहुणा मॅसेडोनियन?"

"हो. कालपासून."

"आणि मी जन्मापासून आहे, त्याचं काय?"

"जन्माचं घेऊन बसू नकोस, यादीत नाव लागतं. पर्शियन पलटणीत घालतो तुला. जमीन तिथंही मिळते, जरा कमी."

देर्दासचं डोकंच फिरलं. "माझ्या पणजोबांनी याच भाल्यानं पर्शियनांना लोळवलं! आणि मी त्यांच्यात जाऊन उभा राहू?"

मारेसनं आजूबाजूला पाहिलं आणि आवाज खाली आणला.

 

"अरे, चिडतोस काय? तिथं सगळे तुझ्याच गावाकडचे आहेत."