समासातला शेरा

विद्यार्थिनीच्या शोधनिबंधाच्या प्रस्तावनेत मुद्दा बरोब्बर चौथ्या परिच्छेदात सुरू होत होता. बाईंनी आधीचे तिन्ही परिच्छेद खोडले आणि समासात लाल शाईने लिहिलं, ‘नमनालाच घडाभर तेल!’

तो मसुदा हातात घेऊनच त्या ग्रंथालयात गेल्या. ग्रंथपालांना एक गोष्ट सांगायचं नऊ वर्षं मनात होतं, आणि दर वेळी त्या एकाच पुस्तकाची मुदत वाढवून परत येत होत्या.

मसुदा टेबलावर ठेवत त्यांनी सुरुवात केली, “आज ऊन फारच आहे, नाही? पंखाही कुरकुरतोय. पडद्यांचा रंग तर पार उडालाय...”

ग्रंथपालांनी हसून मसुदा त्यांच्याकडे फिरवला आणि लाल शेऱ्यावर बोट ठेवलं.



“बरं, निष्कर्षच आधी सांगते. आपण लग्न करू या.”