एकच मुलगी

"ही नोंद तुमचीच ना?" कारकुनाने वही तिच्याकडे फिरवली आणि एका ओळीवर बोट ठेवलं.

तिने वाकून पाहिलं. तिचं नाव, वडिलांचं, आईचं. जन्मतारीखही तीच, शाळेपासून सगळीकडे लावलेली.

"हो, माझीच. पासपोर्टवाल्यांना जुना दाखला चालत नाही. नवा छापील आणा म्हणाले. लवकर मिळेल ना? माझी मुलगी तिकडे परदेशात दवाखान्यात आहे."

"समासात बघा, ताई."

समासात लाल शाईने बारीक शेरा मारला होता. मयत. वय दोन वर्षं तीन महिने. कारण ताप.

तिला हसूच आलं. "कुणाची तरी चूक झालीय. मी तर उभी आहे तुमच्यापुढे."

कारकूनही हसला. असे घोळ त्याच्या रोजच्या पाहण्यातले. खात्री करायला म्हणून त्याने कपाटातून मृत्यूची वही काढली, धूळ झटकली, पान लावलं. मग त्याचं हसू गेलं. खबर देणाऱ्याच्या रकान्यात तिच्या ओळखीच्या वळणदार अक्षरात सही होती.

तिने मागे बाकावर बसलेल्या वडिलांना हाताने खूण करून बोलावलं. म्हाताऱ्याचं सगळं आयुष्य दुकानांच्या पाट्या रंगवण्यात गेलं होतं. आता कान जड झाले होते, डोळे मात्र शाबूत होते. ते आले, दुरूनच वहीकडे पाहून म्हणाले, "माझीच सही आहे."

"बाबा, कोण गेलं होतं?" तिने मोठ्याने विचारलं.

"तुझ्याआधीची."

वडील हळूहळू सांगू लागले. ती गेल्यावर दोन वर्षांनी तू झालीस. घरीच झालीस, नोंद करायला कोण जाणार होतं? तुझी आई दुसरं नाव ठेवू देईना. पुढे शाळेने दाखला मागितला तेव्हा पेटीत एकच दाखला होता. तोच नेला.

शाळेच्या प्रत्येक फोटोत ती पहिल्या रांगेत होती. वर्गात सगळ्यांत बुटकी. मास्तर म्हणायचे, हिला घरी जेवायला देतात की नाही?

"मला कधी सांगितलं नाहीत."

"काय सांगायचं? तू आलीस आणि तुझी आई पुन्हा जेवायला लागली."

कारकुनाने आणखी तीन वर्षांच्या वह्या चाळल्या. घाई केली नाही, पानं नीट उलटली. तिचा जन्म कुठेच नव्हता.

"कोर्टात जाऊन तुमचा जन्म सिद्ध करायचा, तर वर्ष-दीड वर्ष धरा," तो म्हणाला. मग आवाज खाली आणून, "नाहीतर आजोबांनी प्रतिज्ञापत्र करून द्यायचं, की मृत्यूची नोंद नजरचुकीने झाली होती. ती रद्द झाली की हाच दाखला तुमचा. पंचेचाळीस दिवस लागतील. पासपोर्टचे पुढे वेगळे."

आदल्याच दिवशी जावयाचा फोन आला होता. येणार असाल तर याच महिन्यात या, डॉक्टर म्हणताहेत. महिन्यातले अकरा दिवस उरले होते.

"यातलं काही कमी होईल का हो?"

"नाही होत, ताई. कागद वर जातो, मग खाली येतो. मध्ये माझ्या हातात काही नसतं."

"काय म्हणतो तो?" वडिलांनी विचारलं.

तिने त्यांच्या कानाशी तोंड नेलं. तरी रांगेतल्या सगळ्यांना ऐकू गेलं. "लिहून द्यावं लागेल, बाबा. ती गेलीच नाही म्हणून."

"गेली नाही म्हणजे?"

"म्हणजे नव्हतीच."

वडिलांनी वही ओढून घेतली आणि ती ओळ वाचली. लहान मूल वाचतं तशी, ओठ हलवत. "फोटो काढायचा राहिला होता तिचा," ते म्हणाले.

"राहू दे, बाबा. चला घरी. तसंही वेळेत होणार नाहीये."

"होणारच नाही?"

तिने मान हलवली.

त्यांनी वही कारकुनाकडे परत सरकवली. मग म्हणाले, "रात्री पोरीचा फोन आला की काय सांगशील? अर्जसुद्धा केला नाही म्हणून?"

व्हरांड्यात टंकलेखक बसला होता. त्याने सगळं विचारून घेतलं, दोन बोटांनी कागद बडवून काढला आणि वाचून दाखवला. "सत्य प्रतिज्ञेवर लिहून देतो की, मला एकच मुलगी झाली असून ती हयात आहे. याखेरीज मला दुसरे कोणतेही अपत्य झालेले नाही."

"पुन्हा वाचा," वडील म्हणाले.

टंकलेखकाने आवाज चढवला. दुसरे कोणतेही अपत्य झालेले नाही. जिन्यावरून उतरणारी माणसं वळून पाहू लागली. ती वडिलांच्या शेजारी पर्स पोटाशी धरून उभी होती.

"आणखी काही घालायचंय, आजोबा? मुलीचं दुसरं एखादं नाव, टोपणनाव? एकदा सही झाली की बदलता येत नाही."

"ठकू म्हणायचो," वडील म्हणाले.

टंकलेखकाची बोटं यंत्रावर गेली. त्याने तिच्याकडे पाहिलं. "यांना?"

वडिलांनीही तिच्याकडे पाहिलं. ही हाक तिने आयुष्यात पहिल्यांदा ऐकली होती.

"नाही," ते म्हणाले. "कुणालाच नाही."

आणि सही कुठे करायची ते त्यांनी विचारलं.