रविवारचा अंदाज

"काकू, हे आपोआप इथलंच गाव धरतंय," शेजारची सून म्हणाली. ती कॉम्प्युटर दुरुस्तीच्या दुकानात कामाला होती आणि बुधवारी सकाळी कामावर जाता जाता शेजारधर्म म्हणून आली होती. काकूंच्या कॉम्प्युटरच्या पडद्यावर कोपऱ्यात हवामानाचा एक छोटा चौकोन उघडला होता. त्यात सूर्य आणि चौतीसचा आकडा.

"इथलं कशाला? इथलं खिडकीतून फुकट दिसतं. मला मुलाच्या गावचं हवंय."

"मग आपोआपची खूण काढते. नाहीतर रोज पहिले पाढे पंचावन्न." तिने खूण काढली, गावांची यादी उघडली आणि थबकली. "त्याचं शहर यात आहे की आधीपासून. कुणी टाकलं होतं?"

"त्यानेच टाकलं असेल, जायच्या आधी."

सुनेने बोट दाबलं. सूर्य गेला, ढग आला. खाली पुढचे सात दिवस रांगेत उभे राहिले. रविवारी सहा अंश, दिवसभर पाऊस.

"अक्षर मोठं कर," काकू म्हणाल्या. "ह्यांनाही दिसलं पाहिजे."

काका खिडकीशी पेपर वाचत होते. चाळीस वर्षं त्यांनी छापखान्यात मुद्रितं तपासली होती. निवृत्त झाले तरी हातातली पेन्सिल सुटली नव्हती. पेपरातल्या चुका ते रोज दुरुस्त करत, आणि पेपरवाल्यांना त्याचा पत्ताही नव्हता. बायकोच्या किराणा यादीतली वेलांटीसुद्धा त्यांच्या तावडीतून सुटत नसे.

"कशाला हा खटाटोप?" ते म्हणाले. "फोनवर सांगतोच की तो."

"सांगतो. मागच्या रविवारी काय सांगितलं?"

काकांनी पान उलटलं.

मागच्या रविवारी मुलगा म्हणाला होता, मस्त ऊन पडलंय, अगदी चटके बसतायत. सोमवारच्या पेपरात त्या शहरातल्या हिमवादळाचा फोटो आला. विमानं रद्द, रस्ते बंद. काकांनी ती बातमी दोनदा वाचली, पेपराची घडी घातली आणि रद्दीच्या तळाशी सारली. काकूंनी ते स्वयंपाकघरातून पाहिलं होतं.

त्या घरात रविवार एवढाच एक वार उरला होता. अकराला फोन वाजे आणि मोजून दहा मिनिटांनी बंद होई. काकांच्या छातीचं ऑपरेशन झाल्यापासून डॉक्टरांनी त्यांना घाई आणि धक्का, दोन्हींची बंदी केली होती. पण फोन वाजला की काका तरण्याताठ्यासारखे उठत आणि काकूही हातातलं टाकून धावत. मग दोघं मिळून एकच रिसीव्हर कानाला लावत. हवामान, जेवण, झोप. पुन्हा हवामान.

बाकीचे दिवस जात. काका मंगळवारी छापखान्यातल्या जुन्या मित्रांकडे जात. काकू गुरुवारी गुडघ्यांच्या व्यायामाला जात. कुठे, कोण, काय, असं कुणी कुणाला विचारत नसे. इतक्या वर्षांच्या संसारात तेवढी मोकळीक हवीच.

गुरुवारी सकाळी काका अंघोळीला गेल्यावर काकूंनी पडद्यावरचा रविवार एका कागदावर उतरवून घेतला, घडी करून पर्समध्ये ठेवला आणि बस पकडली. बसच्या पायऱ्या चढताना गुडघे कळवळले. व्यायाम त्यांना कधी मिळालाच नव्हता.

शेवटच्या थांब्यावर त्या उतरल्या. उंच भिंतीच्या कडेने चालत फाटकाशी आल्या. ओळखपत्र दाखवलं, कागद काढून घेऊन पर्स जमा केली, बाकावर बसल्या. पहिल्यांदा इथे बसल्या तेव्हा त्या ढसाढसा रडल्या होत्या. आता काही होत नसे. दात काढण्याआधी हिरडी बधिर करतात, तसं सगळं अंग झालं होतं. नंबर पुकारला की उठायचं.

काचेपलीकडे मुलगा येऊन बसला. दीड वर्षापूर्वी त्याच्या गाडीखाली एक माणूस सापडला आणि गेला. खटला काकांपासून लपवलाच होता; शिक्षा झाली त्या दिवशी ते दवाखान्यात होते, छातीला टाके घेऊन. तो कुठंय, असं त्यांनी विचारलं आणि काकूंच्या तोंडून निघून गेलं, परदेशी नोकरी लागली, घाईत गेला. एक खोटं झाकायला आता दर आठवड्याला नवं लागत होतं.

शिपायाने कागद उलटसुलट पाहून आत सरकवला. मुलाने पलीकडचा फोन कानाला लावला.

"ह्यांची तब्येत बरी आहे," काकू म्हणाल्या.

"हं."

"मागच्या वेळी मी बर्फ सांगितला होता, तू ऊन म्हणालास. का रे?"

त्याने फोन दुसऱ्या कानाला लावला.

"पेपरात फोटो आला. ह्यांनी पाहिला. अजून तरी काही बोलले नाहीत, पण एखाद्या दिवशी विचारतील. त्यांना कळलं तर त्या छातीला सोसायचं नाही. मला दुसरं काही नको आता, तेवढं त्यांना कळू नये." काकूंचा आवाज यादी वाचल्यासारखा सरळ होता. "आता घरात यंत्रच लावून घेतलंय. चूक व्हायची नाही. पाठ कर. सहा अंश, दिवसभर पाऊस. छत्री विसरलास म्हण, म्हणजे खरं वाटेल."

मुलाने कागद वाचला. मग शर्टाच्या खिशातून दुसरा एक कागद काढला आणि दोन्ही टेबलावर शेजारी शेजारी ठेवले.

"आई," तो म्हणाला, "बाबा परवा अकरा अंश आणि ऊन लिहून देऊन गेलेत. तुम्ही दोघं मिळून एकच काय ते ठरवा ना."