ठिपका आहे, ठिपका नाही

टेबलावर आठ वस्तू होत्या. छऱ्याची बंदूक, छऱ्यांची डबी, बटणाएवढे दोन सेल, पट्टी, एक रुपयाचं नाणं, कंपनीच्या बसची किल्ली आणि नवा कोरा रेड डॉट.

रेड डॉट म्हणजे बोटभर लांबीची नळी. बंदुकीवर बसवायची, आतल्या काचेत लाल ठिपका दिसतो, तो निशाणावर ठेवायचा आणि चाप ओढायचा. हा सगळ्यात स्वस्तातला होता. खंडेरावांनी तो हट्टाने मागवला होता. दिवाळीपासून त्यांचे छरे भरकटत होते आणि दोष बंदुकीच्या जुन्या माशीचा, म्हणजे टोकावरच्या नेम धरायच्या खुंटीचा आहे, असं त्यांचं म्हणणं होतं.

टेबल होतं त्या सातपूरच्या कारखान्याच्या शेडला आज सुट्टी होती. मशिनं बंद होती. खंडेरावांच्या मुलीने, तेजस्विनीने, रेड डॉट बसवून बंदूक व्हाइसच्या लोखंडी पकडीत आवळली. दर वेळी ठिपका दहा मीटरवरच्या कागदाच्या मधोमध आणून तिने पाच छरे सोडले. मग पट्टी लावली. पाचही भोकं अठरा मिलिमीटरांत.

"रेड डॉट चांगला आहे, अण्णा."

"तुझ्या हातात चांगला."

बंदूक सोडवून खंडेरावांनी पाच छरे सोडले. कागदावर एकच नवं भोक पडलं, तेही कोपऱ्यात.

"बघ. ठिपका मधेच जातो. आतला सेल हलत असणार. स्वस्तातला माल."

तेजस्विनीने नळीतून पाहिलं. ठिपका ठळक लाल, स्थिर. तिने नळीला टिचकी मारली, सेल बदलला. ठिपका तसाच.

पिंपावर बसलेला सावळीराम हसला. खंडेराव शिफ्टची बस चालवत आणि तो त्याच बसवर क्लीनर होता.

"ताई, माल नको बदलू, माणूस बदल. याला त्र्यंबक नाक्यावरचा एवढा सिग्नल दिसत नाय, ठिपका काय दिसणार? मी शेजारून 'लाल हाय, लाल हाय' बोंबलतो तेव्हा गडी ब्रेक मारतो."

"तू बोंबलतोस म्हणून मला बघावं लागत नाही," खंडेराव म्हणाले. "उद्यापासून जा देवळ्याला, भाचीचं लग्न कर. तुझ्यावाचून बस काही थांबणार नाही."

"तेच तर म्हणतो मी. थांबणार नाय."

दोघंही हसले. तेजस्विनी हसली नाही.

"उद्या शेजारी कोण असेल?"

"कोणी नाही. चार दिवस एकटाच."

तिने बंदूक पुन्हा व्हाइसमध्ये आवळली.

"अण्णा, एक करू. तुम्ही नळीतून बघा. मी ठिपका लावीन नाहीतर बंद करीन. आहे की नाही, एवढंच सांगायचं. दहा वेळा."

"पुढच्या महिन्यात मेडिकल आहे. तिथे देतोच की परीक्षा."

"तिथला अक्षरांचा तक्ता तुम्हाला पाठ आहे."

खंडेरावांनी गालातली तंबाखू थुंकली. "बरं. पाच बरोबर आले तर पास ना?"

"पाच तर हे नाणंसुद्धा बरोबर सांगेल."

ते वाकले. ज्या डोळ्याला जास्त दिसत होतं, तो त्यांनी नळीला लावला. तेजस्विनीने नाणं उडवलं. छापा आला तर ठिपका लावायचा, काटा आला तर बंद. बटण फिरताना कट्ट वाजायचं, म्हणून दर वेळी ती ते दोनदा पुढेमागे करून मगच थांबवत होती.

"आहे," खंडेराव म्हणाले. "आहे. नाही. आहे." मधूनमधून पिंपावर सावळीराम खोकत होता.

दहापैकी दहा.

ते कमरेवर हात ठेवून सरळ झाले. "झालं समाधान?"

तेजस्विनी सावळीरामकडे बघत होती. त्याच्या पिंपावरून बटण स्वच्छ दिसत होतं.

"काका, खोकला कधीपासून आहे?"

"धूळ हाय ना ताई इथं. लोखंडाची."

"ठिपका लागला की येते, बंद असला की येत नाही?"

सावळीराम टोपी काढून तिच्याकडे बघत बसला. मग खंडेराव त्याच्याकडे न वळताच म्हणाले, "सावळ्या, बाहेर जा."

"खंडू, राहू दे ना. मी नाय जात लग्नाला. फोन करून सांगतो तिकडं."

"बाहेर जा. शटर ओढून घे."

शटर खाली आलं. आत एकच ट्यूबलाइट राहिली. खंडेरावांनी तोंडावरून हात फिरवला आणि ते पुन्हा वाकले.

तेजस्विनीने नाणं उडवलं.

या वेळी उत्तरं सावकाश येत होती. दोन उत्तरांच्या मधे ते डोळा चोळत, मान थोडी डावीकडे करून बघत, मग उजवीकडे. तिसऱ्या वेळी त्यांनी विचारलं, "लावलास ना?" ती काही बोलली नाही. तिचा आवाज ऐकूनही त्यांना कळलं असतं.

आठव्या वेळी काटा आला. तिने बटण पुढेमागे केलं आणि बंदवर थांबवलं. तेवढ्यात शटरच्या पलीकडून सावळीराम खोकला.

"आहे," खंडेराव लगेच म्हणाले.

नववा. दहावा.

ते वाकलेलेच राहिले. "किती?"

"दहापैकी पाच."